समुद्र पायी आला तो दिवस

आमच्याकडे तिला नुसतं शेळी म्हणत. पुढून सिंह, मागून साप, मधोमध शेळी आणि त्या शेळीच्या तोंडातून जाळ. एवढं लांबण रोज कोण लावणार? डोंगरावर धूर दिसला की बायका एकमेकींना हाक मारून सांगत, "शेळी उठली गं," आणि वाळत घातलेले कपडे आत घेत. म्हणून कोरिंथहून आलेला तो बेलेरोफॉन आमच्या झँथोसच्या बाजारात उभा राहून विचारू लागला, की राजाने मला ज्या जनावराला मारायला पाठवलंय ते कोणतं, तेव्हा लोकांनी त्याला सरळ उत्तर दिलं. शेळी. तो हसला. राजा आपली थट्टा करतोय असं त्याला वाटलं, आणि अंगात चिलखतही न घालता, एक भाला घेऊन तो वर गेला.

डोंगराची वाट उतरते ती माझ्या अंजिरांच्या बागेत, त्यामुळे परत आला तो माझ्याच दारात. भुवया जळालेल्या, एका हाताची कातडी सुटलेली, आणि मागे त्याचा पंखांचा घोडा, तोही शेपटीला होरपळलेला.

"मावशी," तो म्हणाला, "ती शेळी नव्हती."

"होती की. तुला अर्धीच सांगितली."

मला हसू आवरेना. मग त्याचा हात नीट बघितला आणि हसू कुठल्या कुठे गेलं. मी मध आणि तेल लावून हात बांधला, जवाची भाकरी आणि चीज पुढे ठेवलं. घोड्याने तेवढ्यात माझा मसुराचा वाफा फस्त केला होता.

हात बरा होईपर्यंत तो आमच्याकडे राहिला. राहिला म्हणायचं एवढंच. बसला असा कधी नाही. जेवतानासुद्धा एक पाय दाराकडे. पान पडलं तरी उठून बघून यायचा. मला आधी त्याचा राग यायचा, घरात असा माणूस असला की दूधही नीट विरजत नाही असं वाटतं. मग एक दिवस त्याने आपण होऊन सांगितलं. तो ज्या राजाकडे पाहुणा होता, त्याच्या राणीने याला आपल्या खोलीत बोलावलं. हा गेला नाही. तिने नवऱ्याला सांगितलं, पाहुण्याने माझा हात धरला. नवरा चिडला, पण घरचं मीठ खाल्लेल्या पाहुण्याला मारलं तर देव कोपतात, म्हणून त्याने याला मारून टाका असा निरोप देऊन आपल्या सासऱ्याकडे पाठवला, म्हणजे आमच्या इओबातेस राजाकडे. आमच्या राजानेही कशासाठी पाठवलंय हे विचारायच्या आधीच त्याला जेवू घातलं, आणि मग हात चोळत बसला. शेवटी शेळी आठवली. दोन राजे, आणि दोघांनाही हात मळवायचे नव्हते.

माझी मुलगी तातिया तेव्हा नुकतीच गरोदर होती. ती पाणी घेऊन आली की हा भिंतीकडे तोंड करायचा.

"भिंतीत काय जडवलंय रे?" मी एकदा विचारलंच.

"हसू नका, मावशी. मी कुणा बाईकडे बघितलं नव्हतं तरी माझी ही गत झाली. आता वाऱ्याने कुणाचा झगा घोट्यावर सरकला तरी माझे पाय आपोआप मागे जातात. मला थांबवता येत नाहीत."

असा तो मुलगा. हात बरा झाल्यावर पुन्हा डोंगरावर गेला, या वेळी भाल्याच्या टोकाला शिशाचा गोळा बसवून. तो गोळा त्याने तिच्या घशात कोंबला, तिच्याच जाळाने शिसं वितळलं आणि ती आतून जळून मेली. गावाने शेळ्या कापल्या, नाच केला. राजाने मात्र त्याला लगेच एका लढाईवर धाडलं, तिथून तो जिवंत आला म्हणून दुसऱ्या लढाईवर, आणि तिथूनही आला तेव्हा त्याला मारायला गावातले निवडक पुरुष खिंडीत दबा धरून बसवले. माझा जावई ओसेस याचंही नाव त्यांत होतं. निघायच्या दिवशी त्याचं पोट दुखायला लागलं. जे गेले त्यांच्यातला एकही परत आला नाही, आणि बेलेरोफॉन गावात न शिरता सरळ समुद्राकडे निघून गेला. समुद्राचा देव त्याचा खरा बाप आहे असं लोक बोलत असत. गेला ते बरं झालं असं मला वाटलं, आणि असं वाटल्याची लाजही वाटली.

त्यानंतर फार दिवस गेले नाहीत. तातियाला पहाटे कळा सुरू झाल्या. उजाडल्यावर मी विहिरीवर गेले, पाणी काढलं, तोंडात घेतलं आणि थुंकलं. खारट. दुसरी घागर काढली, तीही खारट. अंजिरांवर समुद्रपक्षी येऊन बसले होते, एवढे की फांद्या वाकल्या होत्या, आणि एकही ओरडत नव्हता. शेजारची लाल्ला नदीकडून धावत आली. तिच्या हाताने गल्लीतली अर्धी पोरं जन्मली होती. ही बाई सहसा धावत नाही.

"आर्सासी, नदी उलटी वाहतेय."

"उलटी म्हणजे?"

"उलटी म्हणजे उलटी. माझी टोपली डोंगराकडे गेली."

मी छपरावर चढले. खाली, जिथे आमचं सपाट रान संपून वाळू लागते, तिथे समुद्र उभा होता. लाट म्हणू नका, लाट येते आणि फुटते. हा भिंतीसारखा सरळ उभा होता, आणि त्याच्या पुढे एक माणूस चालत होता. तो जेवढा चालेल तेवढंच पाणी पुढे यायचं. तो अडखळला की पाणीही अडखळायचं. तोंड दिसेल एवढा तो जवळ नव्हता, पण चाल मी ओळखली. घोडा सोबत नव्हता. घोड्याला तेवढी अक्कल होती.

गावाच्या तोंडचं पाणी पळालं. गढीकडे जाणाऱ्या चढावर बघता बघता ही गर्दी. गाद्या, कोंबड्या, देवांच्या मूर्ती, म्हातारे, सगळं वर निघालं. मी खाली उतरले तेव्हा ओसेस तातियाला उचलायला बघत होता आणि ती किंचाळत होती. त्याने तिला खांद्यावर घेतलं की कळ यायची, कळ आली की ती त्याच्या केसांना धरायची. दोघंही दाराच्या पुढे गेली नाहीत.

"खाली ठेव तिला," लाल्ला म्हणाली. "मूल आडवं होईल. हिला आता कुठेही हलवायची नाही."

"मग काय इथे बुडू द्यायची?" ओसेसचा आवाज फाटला होता.

"तू तिच्यापाशी बस."

तो बसला. लगेच उठला. खिडकीतून बघून आला, परत बसला. तातिया त्याच्याकडे बघत होती. मग त्याचा चेहरा एकदम उजळला, जसा एखाद्याला निसटायला चांगलं कारण सापडलं की उजळतो. मला वाटतं, त्याचं त्यालाही ते कळलं नसावं.

"सासूबाई, मी वरून गाडी घेऊन येतो. गाडीत गवत घालू, तिला आडवी ठेवू. हा गेलो आणि हा आलो."

"जा," तातिया म्हणाली. तो गेला.

मी तेव्हा काय काय केलं ते मला नीट सांगता येणार नाही. आत जायचे, तातियाचा घाम पुसायचे, बाहेर यायचे, छपरावर चढायचे, खाली यायचे. चुलीवर पाणी ठेवलं आणि चूल पेटवायची विसरले. एकदा तर केरसुणी घेऊन अंगण झाडायला लागले. देवाला काय कबूल करावं तेही सुचेना, कारण येत होता तोही देवच, आणि ज्याच्यासाठी येत होता त्याच्यावर आमच्याच गावाने घाला घातला होता. न्यायाने बघितलं तर त्याचं बरोबर होतं. पण माझी पोर आत अडली होती, आणि मला न्याय नको होता.

छपरावरून मी बघितलं, राजाची माणसं त्याला सामोरी गेली. हिरव्या फांद्या हातात घेऊन, रांगेने. राजाचा भाट ओरडून सांगत होता, अर्धं राज्य देतो, मुलगी देतो, नदीकाठची उत्तम जमीन देतो. बेलेरोफॉनने मानही वळवली नाही. तो चालत राहिला आणि माणसं फांद्या टाकून पळाली. सर्वांत खालचं जवाचं रान पाण्याखाली गेलं. आधी कणसं हलली, मग नुसतं पाणी.

मी उतरून लाल्लाला बाहेर ओढली.

"गल्लीत कोण कोण उरलंय?"

"कोण उरणार? आपल्यासारख्याच. ज्यांचे नवरे गाडी आणायला गेलेत त्या."

"सगळ्यांना बोलाव. रस्त्यावर जायचंय. त्याच्यासमोर उभं राहायचं आणि झगे वर करायचे."

"कुणाचे?"

"तुझा. माझा. सगळ्यांचे."

लाल्ला माझ्याकडे बघत राहिली. "तुला वेड लागलंय का? माझे पाय बघितलेस का कधी?"

"पायांपर्यंत थांबायचं नाहीये."

मग मी तिला त्या मुलाने काय सांगितलं होतं ते सांगितलं. ती तोंडावर हात ठेवून ऐकत होती. आतून तातियाची कळ ऐकू आली, नेहमीपेक्षा लांब. लाल्लाने हात खाली घेतला.

"ही आता दम खाईल," ती म्हणाली. "तेवढाच वेळ आहे आपल्याकडे. चल."

जमल्या त्या सगळ्या मिळून एक गल्लीही भरली नसती. म्हाताऱ्या, अंगावर पोर पीत असलेल्या, एक तापाने फणफणलेली, आणि त्यांत खिंडीत मारल्या गेलेल्यांच्या दोन आया. त्या दोघी का आल्या, मला आजही कळत नाही. मी त्यांना विचारलं नाही. आम्ही बागेतून खाली उतरलो. पाय गार लागले तेव्हा कळलं, वाटेवर पाणी आलंय, आणि तो समोरच आहे.

त्याच्या भुवया पुन्हा नीट उगवल्याच नव्हत्या. मागे ते हिरवं काळं पाणी घराएवढं उभं. त्यात मासे होते, एक उखडलेलं जैतुनाचं झाड गरगर फिरत होतं. त्याने मला ओळखलं.

"मावशी, बाजूला व्हा. तुमचं घर सोडून जाईन मी."

"तू सोडशील रे. पाणी कसं सोडेल? पाण्याला माझं घर माहीत आहे?"

"तुमचा जावई होता का खिंडीत?"

"नव्हता. पोट दुखत होतं त्याचं."

त्याच्या तोंडावर हसू येता येता राहिलं. पण पाय थांबले नाहीत, आणि आम्ही मागे मागे सरकत होतो.

"तातिया आत अडलीय," मी म्हटलं. "तुला पाणी आणून द्यायची ती. हलवता येत नाही तिला. एवढं थांब. मूल होऊ दे, मग काय करायचं ते कर. राजाला बुडव, मी स्वतः धरून ठेवते."

"थांबता येत नाही, मावशी." रागाने म्हणाला असता तर बरं झालं असतं, तो रडवेला होऊन म्हणाला. "थांबलो की पाठवतात. प्रत्येक जण जेवू घालतो आणि मरायला पाठवतो. मी थांबलो तर उद्या आणखी कुठे तरी पाठवतील. आता मी जिथवर जमीन आहे तिथवर चालणार."

त्याचं काहीच खोटं नव्हतं. एका क्षणाला मला वाटलं, याला जवळ घ्यावं, डोक्यावरून हात फिरवावा. पण हात फिरवायला गेले असते आणि तो पाच पावलं पुढे आला असता, तर माझ्या उंबऱ्यात पाणी. मी लाल्लाकडे बघितलं आणि झग्याचं टोक दोन्ही हातांनी धरून वर केलं. पार कमरेच्या वर. माझ्या बाजूला सगळ्यांनी केलं. तापाने फणफणलेलीने केलं, त्या दोघी आयांनी केलं. कुणी हसलं नाही, कुणी ओरडलं नाही. मूल पाजणारीने एका हाताने मूल धरलं आणि दुसऱ्या हाताने झगा.

त्याचा चेहरा मी विसरू शकत नाही. मार बसणार हे कळल्यावर लहान पोराचा होतो तसा. त्याने डोळे मिटले, हात पुढे केला, तोंड वळवलं, आणि त्याचे पाय मागे जायला लागले. तो त्यांना थांबवायला बघत होता, मला दिसत होतं. थांबत नव्हते. पहिलं पाऊल मागे गेलं तेव्हा पाण्याची भिंत हलली, उखडलेलं झाड मागे कलंडलं. दुसऱ्या पावलाला आमच्या घोट्यांवरचं पाणी सुटलं.

"पुढे चला," मी बायकांना म्हटलं. "हात खाली घेऊ नका."

आम्ही चालत राहिलो, तो मागे जात राहिला. जवाचं रान आलं, आडवं झालेलं, चिखलाने माखलेलं. मग वाळू आली. लाल्ला माझ्या शेजारी पुटपुटत होती की हात भरून आले, आणि हे म्हाताऱ्या नवऱ्याला कळलं तर तो वरच राहील, आणि राहिला तर बरंच. समुद्र आपल्या जागी गेला तेव्हा काही आवाजही झाला नाही. तो मुलगा वाळूत बसला, गुडघ्यांत तोंड घालून. आम्ही झगे सोडले. मला वाईट वाटलं का? वाटलं. अजून वाटतं. विश्वासाने सांगितलेली गोष्ट होती ती. आणि आत्ता पुन्हा तशी वेळ आली तर मी पुन्हा तेच करीन, जराही न थांबता.

पुढे राजाने त्याला खरोखर मुलगी दिली आणि जमीनही दिली. तो त्यांचा व्यवहार. मी त्या वेळी तिथे नव्हते, मी चिखलातून घराकडे पळत होते, आणि माझ्यापुढे लाल्ला पळत होती.

तातिया एकटीच होती. दाराची चौकट धरून, उकिडवी बसून, ओठ चावून रक्त आलेलं. "कुठे गेला होतात गं सगळ्या?" एवढंच म्हणाली. मी तिला मागून धरलं, लाल्ला पुढे बसली. मग बराच वेळ काहीच होईना, आणि मला समुद्र परवडला असं वाटलं, कारण समुद्राला निदान दाखवायला काहीतरी होतं. इथे मी फक्त धरून बसले होते. उन्हं कलायला लागली तेव्हा मुलगा झाला. निळा होता. लाल्लाने त्याला उलटा धरून पाठीत थापट्या मारल्या, तोंडात बोट घातलं, आणि तो चिडून रडला. मी जमिनीवर बसले.

तेवढ्यात दारात चाकं वाजली. ओसेस गाडी घेऊन आला होता. गाडीत गवतही होतं. बैल कुणाचे तरी चोरून आणले असावेत, कारण गढीवरचे सगळे बैल राजाच्या पेट्या ओढायला धरले होते हे मला नंतर कळलं. त्याच्या कपाळाला खोक पडलेली होती. त्याने दारातून आत बघितलं, मूल बघितलं, तातियाला बघितलं, आणि गाडीचा कासरा हातात तसाच धरून उभा राहिला.

"आली वाटतं गाडी," तातिया म्हणाली. तिने ते रागाने म्हटलं नव्हतं. त्यामुळेच त्याचं तोंड पडलं असावं.

गल्लीतली माणसं वरून उतरत होती. आपापल्या बायकांनी काय केलं ते त्यांना वाटेतच कळलं होतं. पुरुष खाली बघून चालत होते. आमच्या दारापाशी सगळी थांबली, कारण मूल झालं की थांबायचंच असतं. आमच्याकडे रीत अशी: मूल उंबऱ्यात ठेवतात, बाप ते उचलतो, गल्लीतला सर्वांत म्हातारा माणूस विचारतो, "कुणाचा?" आणि बाप आपलं, आपल्या बापाचं आणि आजाचं नाव सांगतो. मग सगळे ते नाव म्हणतात, आणि मूल त्या घराचं होतं.

लाल्लाने मूल उंबऱ्यात ठेवलं. ओसेसने कासरा सोडला, वाकून मूल उचललं. पिग्रेस म्हातारा पुढे झाला. त्याला लोकांनी खांद्यावरून गढीवर नेलं होतं आणि खांद्यावरूनच परत आणलं होतं. त्याला काय घडलं याचा पत्ताही नव्हता.

"कुणाचा?" त्याने विचारलं.

ओसेसने तोंड उघडलं. त्याचा बाप भला माणूस होता, आजाने गल्लीतली विहीर खणली होती. ती नावं घ्यायला काही कठीण नव्हती. तो मागे, आतल्या अंधारात तातियाकडे बघत राहिला, आणि लोक वाट बघत राहिले.

"कुणाचा रे?" म्हातारा म्हणाला. "मला ऐकू कमी येतं."

"तातियाचा," ओसेस म्हणाला.

कुणी तरी मागे हसायला लागलं आणि लगेच गप्प झालं. म्हाताऱ्याने कानाला हात लावला, पुन्हा विचारलं, आणि ओसेसने या वेळी मोठ्याने सांगितलं, "तातियाचा. तातिया आर्सासीची." मग अडला. तिसरं नाव घ्यायचं असतं. त्याचे कान लाल झाले, आणि तो माझ्याकडे वळला.

"सासूबाई, तुमची आई कोण?"

इतकी वर्षं हा माणूस माझ्या घरात जेवला होता. त्याची काय चूक, मला तरी कुणी कधी विचारलं होतं? ती मेली तेव्हा दगडावर तिच्या नवऱ्याचं नाव कोरलं होतं. मी दारात उभी राहिले, पाय चिखलाने भरलेले, सगळी गल्ली माझ्याकडे बघतेय. लाल्लाने मला मागून हळूच ढोसलं.

"एर्मास्ता," मी म्हटलं.

आणि सगळ्यांनी ते म्हटलं.